एक विषय, चार कपाटे

ग्रंथालयात नेहमीच्याच कपाटापाशी रेंगाळण्याची सवय मोडायची असेल, तर आधी एखादा जिव्हाळ्याचा विषय निवडावा आणि तो निरनिराळ्या कपाटांत शोधावा. ड्यूई दशांश वर्गीकरण वापरणाऱ्या ग्रंथालयांत २०० पासूनचे क्रमांक धर्माला, ३०० चे समाजशास्त्रांना, ८०० चे साहित्याला आणि ९०० चे इतिहास-भूगोलाला दिलेले असतात.

उदाहरणार्थ, पंढरीची वारी घ्या. दि. बा. मोकाशी स्वतः वारीत चालले आणि त्या अनुभवातून त्यांनी ‘पालखी’ लिहिले. तुकारामांचे बंधू कान्होबा यांच्या तोंडून त्यांनीच ‘आनंदओवरी’ ही कादंबरी सांगितली. ही दोन्ही पुस्तके लागोपाठ वाचावीत, कारण डोळ्यांनी पाहिलेले आणि कल्पनेने जाणलेले यांतला फरक इतका स्पष्ट क्वचितच दिसतो. मग रा. चिं. ढेरे यांचा विठ्ठलावरील संशोधनग्रंथ हाती घ्यावा आणि त्यात उल्लेखिलेली पुस्तके वहीत टिपत जावीत. माझ्या मते नवी पुस्तके सापडण्याचा हाच सर्वांत खात्रीचा मार्ग आहे. अभंगांची गाथा मात्र रोज थोडीथोडीच वाचावी.

पुस्तक मिळाले नाही, तर ग्रंथपालांना लेखकाऐवजी विषय सांगावा.