माहितीपटाच्या पडद्यामागील माणसाची कारकीर्द कशी नोंदवावी

माहितीपट बहुधा दिग्दर्शकाच्या नावाने ओळखला जातो. त्याच्या ध्वनिमुद्रकाचे, संकलकाचे किंवा छायालेखकाचे काम मात्र सहकाऱ्यांच्या आठवणींपुरतेच उरते. लॉ कॉलेज रस्त्यावर, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात १९६० साली सुरू झालेल्या फिल्म इन्स्टिट्यूटमुळे अशी ज्येष्ठ मंडळी पुण्यात आजही भेटतात, आणि त्यांच्याकडून ही माहिती नीट टिपून घेण्याचे काम आता लांबणीवर टाकता येण्यासारखे नाही.

भेटीपूर्वी त्यांच्या माहितीपटांची कच्ची यादी करावी. त्यासाठी १९६४ साली स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचा पुण्यातच मोठा आधार आहे. फिल्म्स डिव्हिजन या सरकारी चित्रपट विभागाचे माहितीपट अनेक भाषांत निघत असत, त्यामुळे एकच कृती इंग्रजी आणि हिंदी अशा दोन नावांनी यादीत शिरू शकते आणि मराठी आवृत्तीचा निवेदक निराळा असू शकतो. म्हणून प्रत्येक नोंदीपुढे भाषा अवश्य लिहावी.

मुलाखतीची सुरुवात जन्मगाव आणि शाळा यांपासून करू नये, असे माझे ठाम मत आहे. एकच माहितीपट निवडावा आणि त्यातील एका दिवसाच्या चित्रीकरणाबद्दल विचारावे. सोळा मिलिमीटरचे चारशे फुटांचे रीळ सुमारे अकरा मिनिटांत संपत असे, आणि ध्वनी नाग्रासारख्या वेगळ्या यंत्रावर, पाव इंची टेपवर मुद्रित होत असे. त्यामुळे ‘काका, कॅमेऱ्याची घरघर येऊ नये म्हणून मायक्रोफोन कुठे धरला होता?’ या प्रश्नातून जागा, माणसे, अडचणी आणि त्या व्यक्तीची निर्णयशक्ती असे सगळेच उलगडत जाते. ‘तुमचा प्रवास सांगा’ म्हटल्यावर मात्र ठरावीक उत्तरे मिळतात. घरात जुन्या टेपचे खोके असेल, तर त्यावरील मजकूर अक्षरशः उतरवून घ्यावा. रीळ क्रमांक, ठिकाण, टेपचा वेग, ‘वाइल्ड ट्रॅक’ (म्हणजे कॅमेरा चालू नसताना वेगळा मुद्रित केलेला ध्वनी) असा पेन्सिलीने केलेला शेरा, या नोंदी त्याच वेळी केलेल्या असल्याने अनेक वर्षांनी सांगितलेल्या तारखेपेक्षा अधिक भरवशाच्या ठरतात.

श्रेयनामावलीत नाव नाही एवढ्यावरून त्यांनी काम केलेच नाही, असे मानू नये, कारण साहाय्यकांची नावे पुष्कळदा गाळली जात. अशा वेळी करारपत्र, मानधनाची पावती किंवा सहकाऱ्याची साक्ष शोधावी, आणि काहीच न मिळाल्यास ‘त्यांच्या सांगण्यानुसार’ असे स्पष्ट लिहून ती नोंद ठेवावी.

फिल्मच्या डब्यातून व्हिनेगरसारखा आंबूस वास येत असेल, तर फिल्मचा ॲसिटेटचा पाया, म्हणजे चित्र ज्यावर उमटते ती प्लॅस्टिकची पट्टी, कुजू लागला आहे असे समजावे. ते रीळ प्रोजेक्टरवर न चढवता इतर रिळांपासून वेगळे, थंड व कोरड्या जागी ठेवून जाणकारांना दाखवावे. मुलाखतीचे टंकलिखित मुलाखत देणाऱ्या व्यक्तीला वाचून दाखवावे, दुरुस्त्या करून घ्याव्यात आणि ते कोणाला वापरता येईल याची लेखी संमती घेऊन एक प्रत कुटुंबाकडे सुपूर्द करावी.