रोवणीतले पाय आणि खंदकातले पाय

भंडारा-गोंदियाकडे धानाची रोवणी लागली की बाया दिवसभर बांधीत, म्हणजे पाणी भरलेल्या धानाच्या शेतात, वाकून उभ्या असतात. तळवे पांढरेफटक, सुरकुतलेले. बोटांच्या बेचक्या फाटलेल्या. या चिखल्या होणारच, असं धरून चालू नका. त्या टाळता येतात.

पहिल्या महायुद्धात, 1914-15 च्या हिवाळ्यात, फ्रान्स-फ्लँडर्सच्या खंदकांत शिपाई तासन् तास गार पाण्यात उभे होते, त्यांत आपले भारतीयही. ब्रिटिश सैन्यात 20,000 च्या वर जणांचे पाय गोळी न लागताच निकामी व्हायला आले. पाय आधी बधिर व्हायचे, मग सुजून आग व्हायची. काहींचे काळे पडून कापावे लागले. उपाय साधाच निघाला: कोरडे मोजे, देवमाशाच्या तेलाची मालिश, आणि दोघादोघांनी एकमेकांचे पाय तपासायचे. जबाबदारी अधिकाऱ्यावर टाकली तेव्हाच आकडा उतरला.

आपल्याकडे पाणी तितकं गार नसतं. इथे कातडी भिजून सैल होते आणि त्यातून बुरशी व जंतू शिरतात.

बांधीत उतरण्याआधी कोरड्या पायाला घोट्यापर्यंत पेट्रोलियम जेली लावा. जेवणाच्या सुट्टीत धुऱ्यावर (बांधावर) बसताना पाय धुऊन, पुसून उघडे ठेवा. गमबूट घालत असाल तर वरून पाणी शिरलं की लगेच रिकामे करा, नाहीतर अनवाणी बरं. घरी आल्यावर साबणाने धुवा आणि सुती फडक्याने एकेक बेचकी टिपा. रगडू नका, भिजलेली कातडी सोलून निघते. रात्री पाय उघडेच राहू द्या.

बेचकीत खाज, पांढरा थर असेल तर क्लोट्रिमॅझोल 1 टक्का मलम दिवसातून दोनदा, 4 आठवडे लावा. खाज थांबली म्हणून चार दिवसांत सोडलं की चिखल्या परततात. स्टेरॉइड मिसळलेलं मलम घेऊ नका; आराम पडल्यासारखा वाटतो आणि बुरशी पसरते. रॉकेल तर कधीच नको.

टोळी नेणाऱ्याने दुपारी सगळ्यांचे पाय पाहावेत. मजुरी बुडेल म्हणून बाई दुखणं सांगत नाही, म्हणून विचारणं त्याचं काम.

पू, वर चढणारी लाल रेघ किंवा सूज दिसली तर त्याच दिवशी प्राथमिक आरोग्य केंद्रात जा. साखरेचा आजार असेल तर साध्या चिरेलाही थांबू नका. ताप, पोटऱ्या दुखणं, डोळे लाल होणं हे लेप्टोस्पायरोसिस (उंदरांच्या मुताने दूषित पाण्यातून होणारा आजार) असू शकतं; डॉक्टरांना बांधीत काम करता हे आवर्जून सांगा.