कथेत जादुई पदार्थ घालताय? या चुका टाळा

मुलांच्या कथास्पर्धांत आणि दिवाळी अंकांत अद्‌भुतकथा दिसली की मी ती आधी वाचते. तिच्यात हमखास एखादं भस्म, एखादा मणी, एखादं तेल असतं. सुरुवातीला त्याची मजा वाटते, पण पुढे त्याच्यामुळेच कथा ढेपाळते. बिघाड बहुतेक वेळा ठरलेल्या जागीच असतो आणि तो दुरुस्तही करता येतो.

समजायला सोपं जावं म्हणून एक पदार्थ इथेच रचू. नाव थिजाण. गरम पाण्याच्या कुंडांच्या काठावर धरणारी राखाडी साय. ज्याला लावाल ते आहे तसं थांबतं. दूध नासत नाही, फूल कोमेजत नाही, जखम वाहत नाही. चिंचेच्या पाण्याने धुतलं की लेप निघतो आणि अडलेला सगळा काळ एकदम भरून निघतो.

पदार्थ सगळंच करतो

लक्षण असं: नायक संकटात सापडला तरी वाचकाला काळजी वाटत नाही. भस्म रोग बरा करतं, दार उघडतं, वर शत्रूचं मनही वाचतं. उपाय म्हणजे एकच गुण ठेवायचा आणि सगळे उपयोग त्यातूनच काढायचे. थिजाण फक्त थांबवतं, बरं करत नाही. कोळणी त्याच्या जोरावर मासळी घाटावर नेतील, सावकार धान्य दाबून ठेवील. वैद्य जखमी माणसाला लेप लावून शहरात आणील, पण लेप धुताक्षणी अडलेलं रक्त एकदम उसळणार. तिथे टाके घालणारा हात तयार हवा. प्रसंग उभा राहतो तो या मर्यादेमुळे.

‘दुर्मिळ’ म्हटलं, पण किंमत दिसली नाही

माझ्या मते सर्वांत जास्त कथा इथे पडतात. ‘हा पदार्थ अतिशय दुर्मिळ होता’ या वाक्याने वाचकाला काहीच कळत नाही. खरा इतिहास बघा. भूमध्य समुद्राकाठी गोगलगायींपासून राजेलोकांचा जांभळा रंग काढत. १९०९ मध्ये पॉल फ्रीडलेंडर या रसायनशास्त्रज्ञाने बारा हजार गोगलगायी वापरल्या, तेव्हा त्याच्या हाती १.४ ग्रॅम रंग लागला. हा आकडा वाचल्यावर त्या वस्त्राचं मोल वेगळं सांगावं लागत नाही. शिवाय रंगाच्या कुंडांना भयंकर दुर्गंधी यायची. राजवस्त्राच्या मागे ती दुर्गंधी आणि त्यात राबणारी माणसं होती.

म्हणून आधी विचारा, हे गोळा कोण करतं? थिजाण खरवडायला लहानपणापासून बायका बसतात असं धरू. मग चाळिशीच्या बाईचं मनगट निबर, पण तळहात दहा वर्षांच्या मुलीचे. नखं वाढत नाहीत. तिच्या घरी आमटीत चिंच पडत नाही, कारण हाताला ओघळ लागला तर तीस वर्षं एका क्षणात उतरतील. ही आमटी लिहिली की थिजाणाची किंमत कळते.

ठेवायचं कशात?

क्षुल्लक वाटतं, पण चाणाक्ष वाचक इथेच अडतो. पारा सोनं स्वतःत सामावून घेतो, लोखंडाला मात्र सहसा काही करत नाही. म्हणून व्यापारात तो लोखंडी बाटल्यांतून जात असे. सोन्याचा मुलामा देताना सोनं पाऱ्यात मिसळून भांड्याला लावत आणि तापवत. पारा वाफ होऊन उडायचा, सोनं मागे राहायचं आणि ती विषारी वाफ कारागिराच्या छातीत जायची. वापरल्यावर तुमच्या पदार्थाचं काय उरतं आणि ते कुठे जातं, हेही ठरवा. थिजाणाची मडकी कधी झिजणारच नाहीत, मग कुंभारांचा त्या व्यापारावर राग असणारच.

माणसं मात्र बदलत नाहीत

स्यमंतक मणी रोज आठ भार सोनं द्यायचा, पण त्याची गोष्ट रंगते ती संशयावर. प्रसेन मणी घालून शिकारीला गेला आणि परतला नाही, तेव्हा द्वारकेत आळ आला कृष्णावर. गणेशचतुर्थीचा चंद्र आपण आजही याच गोष्टीमुळे टाळतो. मौल्यवान वस्तू आली की आळ, चोरी, वारसाहक्क, बनावट माल हे सगळं येतं. सत्ता तर येतेच. बिहारमधल्या चंपारणमध्ये तीनकठिया पद्धतीत शेतकऱ्याला वीस कठ्ठ्यांपैकी (कठ्ठा हे तिथलं जमिनीचं माप) तीन कठ्ठ्यांत नीळ लावायची सक्ती होती. जर्मनीत बनलेली कृत्रिम नीळ १८९७ पासून विकायला आली आणि पुढे नैसर्गिक निळीचा बाजार कोसळला, तरी शेतकऱ्यामागचा जाच सुटला नाही. त्याविरुद्धचा सत्याग्रह १९१७ चा. तुमच्या जगात कुणी नकली थिजाण बनवलं तर त्या खरवडणाऱ्या बायकांचं काय होईल? अख्खी कादंबरी या प्रश्नावर निघू शकते.

शेवटी नियम मोडला

शेवटच्या लढाईत लेप अचानक मेलेल्याला उठवतो आणि वाचक पुस्तक मिटतो. नवा गुण लागणारच असेल तर मागे जा आणि तो सुरुवातीच्या एखाद्या साध्या प्रसंगात पेरा. आजी चिंच संपली म्हणून कोकमाच्या आगळाने लेप पुसते आणि अडलेला काळ एकदम न येता हळूहळू येतो, एवढं तिसऱ्या पानावर पुरे. त्या ओळीवर जोर देऊ नका. आजीला लगेच पुढच्या कामाला लावा.