बासरी-तबला आणि सिंथ एकत्र आणताना या चुका टाळा

सिंथेसायझरचा (सिंथ) पॅड, म्हणजे मागे लांब धरलेले सूर, लावला आणि इतका वेळ गोड वाटणारी बासरी एकदम बेसूर वाटायला लागली, ही तक्रार घरच्या स्टुडिओत काम करणाऱ्या अनेक संगीतकारांची असते. मग बासरीवर पिच करेक्शन, म्हणजे सॉफ्टवेअरने सूर दुरुस्त करणं, चढवलं जातं. कृपा करून ते करू नका, बहुतेक वेळा वादकाचं काही चुकलेलं नसतं.

तानपुऱ्यातून उमटणारा स्वयंभू गंधार षड्जापासून ३८६ सेंटवर असतो (सेंट म्हणजे सेमीटोनचा, कीबोर्डवरच्या शेजारच्या दोन सुरांमधल्या अंतराचा, शंभरावा भाग), कीबोर्डचा शुद्ध गंधार ४०० वर. कानाने सूर लावणारा वादक स्वयंभू गंधाराकडे झुकतो, पॅड मात्र आपल्या ४०० वर ठाम. जलद तुकड्यात हे १४ सेंट कळतही नाहीत. संथ आलापीत दोन्ही गंधार एकत्र रेंगाळले, की आंदोलनं (आवाजाची थरथर) कानाला टोचतात. पॅडमधून गंधार काढून टाका, नुसते सा-प ठेवा. पंचमात फरक जेमतेम २ सेंटचा आहे. गंधार हवाच असेल, तर सिंथच्या मायक्रोट्यूनिंगमध्ये (एकेक सूर बारीक हलवायची सोय) तो १४ सेंट उतरवा. शिवाय बासरी एसीत उतरते आणि फुंकून गरम झाली की चढते. वादकाला आधी वाजवू द्या, मग सिंथ त्याच्या षड्जाला मिळवा.

तबला ग्रिडवर, म्हणजे सॉफ्टवेअरच्या काटेकोर समान मात्रांवर, ओढून बसवणं ही मला सगळ्यात जास्त खटकणारी चूक. ठेक्याचं वजन त्या किंचित मागेपुढे पडणाऱ्या बोलांतच असतं. टेक घेताना कोरड्या क्लिकऐवजी त्याच लयीतला लेहरा (तालाच्या आवर्तनात फिरणारी धून) हेडफोनमध्ये द्या, तबलजी लगेच खुलतो. नंतर हलवायचंच असेल, तर आर्पेजिओ (सिंथने एकामागून एक वाजवलेले कॉर्डचे सूर) आणि ड्रम मशीन तबल्याकडे सरकवा.

डग्ग्यावर मनगट सरकवून काढलेली मींड मिक्समध्ये नाहीशी झाली, तर डग्ग्याचा इक्यू (खर्ज-तीव्र आवाजाचा समतोल) बदलण्याआधी खाली काय वाजतंय ते पाहा. सहसा तिथे सिंथ बेसने लांब सूर धरलेला असतो. तेवढ्या मात्रांपुरता तो थांबवा.

रिव्हर्बचं, म्हणजे जागेच्या घुमण्याचं, थोडक्यात: बासरी खोलीतली आणि सिंथ भल्यामोठ्या हॉलमधला, असं ऐकू येत असेल तर सिंथ स्पीकरवर वाजवून त्याच खोलीत माइकने रेकॉर्ड करा.

चित्रपट-मालिकांसाठी काम करताना सेशनचा सॅम्पल रेट (आवाजाचे सेकंदाला किती नमुने घेतले जातात) पहिल्यापासून ४८ किलोहर्ट्‌झवर ठेवा. ४८ ची फाइल रूपांतर न करता ४४.१ वर वाजली, तर सूर जवळपास दीड सेमीटोन उतरतो आणि संगीत चित्राच्या मागे पडत जातं. अल्बममध्ये छान वाटलेली बासरी संवादांखाली मात्र अडचण करते, कारण तिचे सूर आणि माणसाचं बोलणं बरंचसं एकाच पट्ट्यात येतं. त्यामुळे बासरी, तबला, पॅड, बेस यांचे स्टेम, म्हणजे प्रत्येकाच्या स्वतंत्र फाइल, वेगळे द्या. मिक्सिंग करणाऱ्याला संवादापुरती बासरी खाली घेऊन पॅड तसाच ठेवता आला पाहिजे. एकच स्टिरिओ फाइल हातात पडली, तर तो सगळंच संगीत खाली ओढेल.