पासबुकातले २० आणि ४३६ रुपये कुठे जातात?

मे महिन्याच्या अखेरीस खात्यातून २० किंवा ४३६ रुपये वजा झाले असतील, तर तो बहुधा सरकारी विम्याचा वार्षिक हप्ता असतो. २० रुपये प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेचे (पीएमएसबीवाय) : अपघाती मृत्यूला २ लाख. ४३६ रुपये प्रधानमंत्री जीवनज्योती विमा योजनेचे (पीएमजेजेबीवाय) : कोणत्याही कारणाने मृत्यू झाल्यास २ लाख. संरक्षण १ जून ते ३१ मे. जीवनज्योतीत वर्षाच्या मध्येच सामील झालात तर पहिल्या वर्षी ३४२, २२८ किंवा ११४ रुपयेच कापले जातात. रक्कम वेगळी दिसली म्हणून घाबरू नका.

खरी गडबड दोन खाती असल्यावर होते. दोन्हींतून एकाच योजनेचा हप्ता गेला तरी भरपाई एकदाच, २ लाखच मिळते. दुसऱ्या खात्यातली कपात बंद करा : शाखेत लेखी अर्ज द्या, पोचपावती घ्या, आणि हे मेच्या आधीच करा.

संमती दिलीच नसेल तर बँकेकडे सही केलेला संमती अर्ज मागा. लेखी तक्रारीला ३० दिवसांत समाधानकारक उत्तर न मिळाल्यास रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे (बँकांविरुद्धच्या तक्रारी ऐकणारा अधिकारी) जा. मात्र घरातल्यांना विम्याची माहिती जरूर द्या. माहितीच नसेल तर दावा करणार कोण?