स्टंपमध्ये पू झालाय, कोड कुठला?

मिरजेत सर्जरीच्या वॉर्डात मी सहा वर्षं स्टाफ नर्स होते. सकाळी ड्रेसिंगची ट्रॉली ढकलत निघालं की कुठल्या बेडवरचा स्टंप, म्हणजे कापलेल्या हातापायाचा उरलेला भाग, बिघडलाय ते पट्टी सोडायच्या आधी वासावरूनच कळायचं. आता सांगलीत विश्रामबागेतल्या घरी बसून अमेरिकेतल्या हॉस्पिटलांचे चार्ट कोड करते, म्हणजे चार्टमधल्या प्रत्येक आजाराला त्याचा ठरलेला कोड देते. इथे वास नाही, डॉक्टरनं काय लिहिलंय तेवढंच.

नणंदेची मुलगी नुकतीच कोडिंगला लागली. परवा तिचा मेसेज आला, "मामी, बीके स्टंप इन्फेक्शनला टी८१ लावू का टी८७?" बीके म्हणजे बिलो नी, गुडघ्याखाली कापलेला पाय. तिला समजावायला बसले, ते लांबत गेलं. नवीन लागलेल्या बाकीच्यांनाही उपयोग होईल म्हणून इथे नीट लिहिते. सगळं आयसीडी-१०-सीएम धरून आहे, म्हणजे आजारांच्या कोडची अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून चालू असलेली आवृत्ती.

तिच्या प्रश्नाचं उत्तर टी८७. ऑपरेशननंतरचं इन्फेक्शन म्हटलं की हात आपोआप टी८१.४ कडे जातो, कारण ट्रेनिंगमध्ये तेच घोकून घेतलेलं असतं. पण कापलेल्या हातापायाच्या उरलेल्या भागाला स्वतःचं घर आहे, टी८७.४. इंडेक्समध्ये, म्हणजे कोडच्या शब्दसूचीत, 'इन्फेक्शन' खाली 'अ‍ॅम्प्युटेशन स्टंप' बघा, तो तुम्हाला 'कॉम्प्लिकेशन'कडे पाठवतो आणि तिथून टी८७.४ ला पोचवतो. वाट जरा फिरून जाते, पण एकदा स्वतः चालून या, मग चुकणार नाही. शेवटी टॅब्युलर, म्हणजे कोडच्या क्रमानं लावलेली यादी, उघडून खात्री करायचीच.

मग बाजू. उजवा हात टी८७.४१, डावा हात टी८७.४२, उजवा पाय टी८७.४३, डावा पाय टी८७.४४. टी८७.४० म्हणजे कुठला ते लिहिलेलं नाही. हा शून्य शक्यतो वापरू नका. पावसाळ्यात सांगलीचा माणूस "पाणी आलं का" विचारून थांबत नाही, कृष्णेवरच्या आयर्विन पुलाला किती फूट ते विचारतो. चाळीसला इशारा, पंचेचाळीसला धोका, त्यावर सामान माळ्यावर टाकायचं का ते ठरतं. तसंच, पाय म्हटलं की कुठला, हे विचारल्याशिवाय फाइल सोडायची नाही. ऑपरेशन नोट, ड्रेसिंगची नोंद, एक्स-रे, कुठे ना कुठे बाजू सापडतेच.

टी८७.४३ वर कोड संपतो. त्यापुढे एक्सए, एक्सडी ही उपचाराचा टप्पा सांगणारी अक्षरं लावायची हौस करू नका. टी म्हटलं की सातवं अक्षर हवंच असं नवीन मुलांना वाटतं. टी८१ ला लागतं, टी८७ ला नाही.

आता शब्द. वॉर्डात आम्ही सगळ्यालाच "स्टंप बिघडला" म्हणायचो. कोडिंगला हे चालत नाही. पू, लाली, ताप आणि डॉक्टरनं 'इन्फेक्टेड' लिहिलंय, तर टी८७.४. कातडी काळी पडून मेली, 'नेक्रोसिस' लिहिलंय, तर टी८७.५, त्यालाही बाजूचे तेच आकडे. टाके उसवून जखम उघडली, पण इन्फेक्शनचा शब्द कुठेच नाही, तर टी८७.८१, याला बाजू नाही. मज्जातंतूची गाठ झाली, म्हणजे न्यूरोमा, तर टी८७.३. उसवलंयही आणि इन्फेक्शनही आहे असं दोन्ही लिहिलं असेल तर दोन्ही कोड द्या. गेलेला पाय दुखतोय असं पेशंट सांगतो आणि डॉक्टर 'फँटम लिंब पेन' लिहितो, ते टी८७ मध्ये शोधू नका, ते जी५४.६. रात्री दोन वाजता नसलेल्या अंगठ्याला खाज सुटते म्हणून रडणारी माणसं मी पाहिलीत. त्यामुळे हा कोड टाकताना माझा हात अजून जरा थांबतो.

पायाचं बोट काढलं तर ते अ‍ॅम्प्युटेशन धरायचं का? धरायचं. मी पहिल्या वर्षी इथेच आपटले. पेशंटचा उजवा पाय गुडघ्याखाली चार वर्षांपूर्वी गेलेला, जखम भरलेली, कृत्रिम पाय लावून चालणारा. डाव्या पायाची दोन बोटं नुकतीच काढली होती आणि तिथे पू. मी 'बीके' वाचलं, डोक्यात वॉर्डातला स्टंप उभा राहिला आणि टी८७.४३ ठोकून मोकळी झाले. ऑडिटमध्ये परत आलं. बरोबर कोड होता टी८७.४४, आणि उजव्या पायासाठी झेड८९.५११, म्हणजे उजवा पाय गुडघ्याखाली नाही. इन्फेक्शन डाव्याला आणि कोड उजव्याला, हे ड्रेसिंग करताना केलं असतं तर सिस्टरनं कान धरला असता.

झेड८९ वरून एक वाद नेहमी होतो. ज्या पायाचा टी८७ दिला, त्याच पायाला झेड८९ पण द्यायचा का? गाइडलाइन सांगते की जी माहिती दुसऱ्या कोडमध्ये आलेली आहे, तिच्यासाठी स्टेटस कोड, म्हणजे पेशंटची नुसती स्थिती सांगणारा कोड, वेगळा देऊ नका. तिथे उदाहरण हृदय प्रत्यारोपणाचं आहे, टी८६.२ (त्या हृदयाची गुंतागुंत) बरोबर झेड९४.१ (प्रत्यारोपण झालेलं आहे) नको. काही जण म्हणतात, टी८७ मध्ये गुडघ्याखाली की वर ते कळत नाही, मग झेड८९ द्यावा. मला पहिली बाजू पटते, त्याच पायाला मी देत नाही. पण तुमच्या क्लायंटची लेखी सूचना वेगळी असेल तर मामीचं ऐकू नका, त्यांचं ऐका.

टी८७.४ च्या मागे काय जोडायचं? जंतू माहीत असेल तर तो. एमआरएसएला, म्हणजे नेहमीच्या औषधांना न जुमानणाऱ्या स्टॅफ ऑरियसला, बी९५.६२, साध्या स्टॅफ ऑरियसला बी९५.६१, स्यूडोमोनासला बी९६.५. हे कोड पहिले कधीच येत नाहीत. आणि लॅबच्या कल्चर रिपोर्टवरून परस्पर उचलू नका, डॉक्टरनं ते आपल्या नोटमध्ये घेतलेलं पाहिजे. नर्स म्हणून मला हे फार जड गेलं. रिपोर्ट समोर आहे, हिरवा पू डोळ्यांसमोर येतोय, तरी लिहायचं नाही म्हणजे काय! पण नाहीच लिहायचं. इन्फेक्शन हाडात गेलं असेल, म्हणजे ऑस्टिओमायलायटिस, तर एम८६ मधला कोड जोडा, उजव्या नडगीच्या हाडांना अक्यूट असेल तर एम८६.१६१. 'स्टंपचा सेल्युलायटिस', म्हणजे कातडीखालच्या थराचं इन्फेक्शन, लिहिलं तरी पहिला मान टी८७.४ लाच, नुसता सेल्युलायटिसचा एल०३ देऊन फाइल बंद करू नका.

पाय जातो तो बहुतेक वेळा साखरेनं आणि बंद पडलेल्या रक्तवाहिन्यांनी, हे आपल्याकडच्या वॉर्डातही आणि तिकडच्या चार्टमध्येही सारखंच. टाइप टू डायबेटिस आणि पेरिफेरल आर्टरी डिसीज एकाच चार्टमध्ये असतील तर डॉक्टरनं दोन्ही वेगळे आहेत असं स्पष्ट लिहिल्याशिवाय नातं धरायचं, कोड ई११.५१. इन्शुलिन कायमचं चालू असेल तर झेड७९.४. 'अनकंट्रोल्ड डायबेटिस' एवढंच लिहिलं असेल तर थांबा. साखर वाढलीय की उतरलीय ते त्यात नाही.

'प्रोबेबल स्टंप इन्फेक्शन' असं ओपीडीच्या चार्टमध्ये असेल तर कोड करायचा नाही, लक्षणं कोड करायची. दाखल पेशंटच्या डिस्चार्ज समरीत तेच शब्द असतील तर मात्र इन्फेक्शन आहे असं धरून कोड होतो.

आणि क्वेरी, म्हणजे डॉक्टरला लेखी प्रश्न, पाठवताना उत्तर डॉक्टरच्या तोंडात कोंबू नका. "इन्फेक्शन आहे ना?" असं नाही. गेल्या आठवड्यात एका फाइलमध्ये ऑपरेशन नोट उजवा पाय म्हणत होती आणि डिस्चार्ज समरी डावा. मी दोन्ही ओळी तारखेसकट जशाच्या तशा उतरवल्या आणि खाली लिहिलं, "कृपया बाजू स्पष्ट करावी." दोन दिवस फाइल अडकली, टीम लीडचे तीन मेसेज आले. तिसऱ्या दिवशी सकाळी चहा ठेवून लॉगिन केलं, तर डॉक्टरचं उत्तर आलं होतं. एकच शब्द, 'राइट'. टी८७.४३ टाकला आणि चहा उतू जायच्या आत गॅस बंद करायला पळाले.