जुन्या कॅसेट डेकचा दबलेला आवाज मोकळा करताना

डेकचा आवाज दबला की थेट सर्किटवर संशय घेऊ नका. बहुतेक वेळा दोष हेडवरच्या, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागावरच्या, मळात असतो, नाहीतर हेडच्या कोनात. कॅसेटमधली टेप सेकंदाला जेमतेम ४.७६ सेंटिमीटर सरकते. म्हणजे १० किलोहर्ट्झच्या एका लहरीला टेपवर पाच मायक्रॉनपेक्षाही कमी जागा मिळते. मळाच्या पातळ थराने टेप हेडपासून जराशी उचलली गेली, तरी झांजांची किणकिण आणि तंबोऱ्याची जवारी आधी हरवते.

दहा-बारा तास वाजवल्यावर सफाई करा. डेक बंद करून ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये बुडवलेल्या इअरबडने हेड आणि कॅपस्टन, म्हणजे शेजारचा चकचकीत बारीक दांडा, पुसा. कापूस तपकिरी व्हायचा थांबेपर्यंत बड बदलत राहा. रबरी पिंच रोलरला, म्हणजे टेप कॅपस्टनवर दाबणाऱ्या चाकाला, साबणाच्या पाण्यात भिजवून घट्ट पिळलेलं फडकं पुरतं. सारखं अल्कोहोल लावलं तर रबर कोरडं पडतं. नेलपॉलिश रिमूव्हर कशालाच लावू नका, त्याने प्लास्टिक विरघळतं. रोलर काचेसारखा गुळगुळीत झाला असेल किंवा तडकला असेल तर बदलाच. असा रोलर टेप तिरकी ओढतो आणि रीळ गुंततं.

रीळ गुंतण्याचं आणखी एक कारण म्हणजे उजवी चक्री. कॅपस्टन टेप पुढे सोडत राहतो, पण आयडलरचा, म्हणजे चक्री फिरवणाऱ्या छोट्या चाकाचा, रबरी टायर घसरत असल्याने चक्री ती गुंडाळून घेत नाही.

आता अझिमथ, म्हणजे हेडचा टेपशी असलेला कोन. डॉल्बी, म्हणजे टेपची खरखर कमी करणारी सोय, बंद ठेवा, अँप्लिफायर मोनोवर घ्या आणि कारखान्यात भरलेली, चांगल्या अवस्थेतली कॅसेट लावा. हेडच्या बाजूचा स्प्रिंगवाला स्क्रू किती फिरवला याची नोंद ठेवत अगदी थोडा थोडा फिरवा. पाव फेऱ्याच्या आतच वरचे स्वर एकदम उजळतात. तिथेच थांबा आणि स्क्रूवर नेलपॉलिशचा एक थेंब टाका. तुमच्या बऱ्याच कॅसेट याच डेकवर भरलेल्या असतील तर मात्र आधी विचार करा. जुन्या कोनात भरलेल्या त्या कॅसेट नव्या कोनात दबक्या वाजतील.

सूर लहरत असेल तर बेल्ट बघा. जुना बेल्ट कधीकधी वितळून डांबरासारखा होतो. पुलीवरचा तो चिकटा अल्कोहोलने पूर्ण काढावा लागतो, नाहीतर नवा बेल्टही घसरतो. माप घ्यायला पुल्यांभोवती दोरा फिरवा आणि त्या लांबीपेक्षा साधारण ५ टक्के कमी परिघाचा बेल्ट घ्या. साधं रबरबँड चालत नाही, त्याची जाडी एकसारखी नसते.

वेग शेवटी लावा. डेक वीस मिनिटं चालू द्या, ३१५० हर्ट्झची टेस्ट टेप लावा आणि फोनवरच्या फ्रिक्वेन्सी मीटरवर वाचन बघा. ३१८० दिसलं तर डेक जवळपास १ टक्का जोरात धावतोय. बऱ्याच डेकमध्ये वेगाचा स्क्रू मोटरच्या मागच्या छोट्या भोकात असतो. तो बारीक पेचकसाने केसभर फिरवायचा.